माग घे रे, परत दाखय

सकाळी गावच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एकाने टाकलं, तो पोरगा दांडीच्या किनाऱ्यावर कॅमेरा घेऊन फिरतो त्याला कोणीतरी आवरा, जाळी आणि भांडणं दाखवून मालवणची बदनामी चाललीय, स्कुबा दाखव, किल्ला दाखव म्हणावं. खाली धडाधड अंगठे. माझं डोकंच फिरलं.

सिंधुदुर्ग किल्ल्याचे ड्रोन व्हिडिओ काय कमी आहेत? त्यात निळं पाणी दिसतं, माणूस दिसत नाही. मालवण म्हणजे फक्त तेवढंच?

मागच्या महिन्यात ह्याच पोराने शाळेच्या पडवीत चादर बांधून फिल्म दाखवली, ४० मिनिटांची. माझे बाबा टीव्हीसमोर पाच मिनिटं बसत नाहीत, पण जन्मभर रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं, ओढलेला माणूस, म्हणून नेलं. पडद्यावर रापण लागली, होडीने अर्धगोल जाळं टाकलं, दोन्ही टोकं किनाऱ्यावर आली, माणसं दोर ओढायला लागली आणि बाबा मोठ्याने ओरडले, "माग घे रे, परत दाखय!" त्यांचं म्हणणं एका बाजूचा दोर मागे राहिलाय, पाण्याची ओढ त्या बाजूला होती. शेजारचे काका म्हणाले पाण्याचं काय नाय, माणसंच कमी होती. झाली सुरुवात. तीनदा मागे घेतलं. तो पोरगा फिल्म थांबवून वहीत लिहून घेत होता.

ह्याला बदनामी म्हणायचं?

हां, आवाज नीट नाही फिल्मचा, आणि बाजारात बसणाऱ्या एकदोघींना न विचारता घेतलंय ते चुकलंच त्याचं. पर्यटनावर घरं चालतात हेही मान्य, माझ्या बहिणीचा होमस्टे आहे. पण पाहुणे ज्या ताज्या बांगड्यासाठी येतात तो कोणाच्या हातून येतो ते दाखवायचं नाही? पूर्वी किनाऱ्यावरून जाणाऱ्यानेही दोराला हात लावला तर त्याला वाट्याचे पेडवे, ते छोटे मासे, मिळायचे. आज रापणी किती राहिल्यात ते मोजा. एलईडी दिव्यांनी मासे ओढून घेणाऱ्या मासेमारीला २०१७ पासून बंदी आहे म्हणे, मग रात्री समुद्रात तो झगमगाट कसला दिसतो? त्यावर ग्रुपवर एक अंगठा येत नाही, ह्या पोरावर मात्र सगळे तुटून पडले. संताप येतो खरंच.

मला त्या रात्रीचंच परत परत आठवतंय. मी चाळिशीला आलो, पाण्याची ओढ बाबांना नुसत्या दोरावरून कळते हे मला माहीतच नव्हतं. कधी विचारलंच नाही मी. आम्हाला शिकवून मुंबईला पाठवलं त्यांनी, आम्हीही गेलो. आणि हा परक्याचा पोरगा पहाटे साडेपाचला त्यांच्या बाजूला वाळूत बसून विचारत असतो, ह्या गाठीला काय म्हणतात, हे शिसं किती अंतरावर बांधतात.

ग्रुपवरचं बाबांना वाचून दाखवलं. काहीच बोलले नाहीत, जाळं शिवत होते. मग थोड्या वेळाने म्हणाले, "त्या झिलाक फोन कर. उद्या वारो पडलो तर रापण टाकतले."


केला फोन. येतोय तो.