डोकी मोजता, मग किलोमीटर कोण मोजणार?

आज सकाळी आमच्या जुन्या ग्रुपवर एकाने टाकलं, "गडचिरोलीची लोकसंख्या ती किती, अकरा लाख पण नाही, आणि निधी मागता एवढा?" खाली धडाधड अंगठे. तेव्हापासून डोकं फिरलंय माझं. उत्तर टाईप केलं आणि पुसलं, तिथे मावणारं नव्हतं ते, म्हणून इथे लिहितोय.

हो, २०११ च्या जनगणनेत १० लाख ७२ हजारच. पण ही माणसं राहतात किती जागेत? १४,४१२ चौरस किलोमीटर. गोव्यासारखी जवळजवळ चार राज्यं मावतील एवढा एकच जिल्हा, त्यात तीन चतुर्थांश जंगल. महाराष्ट्रात चौरस किलोमीटरमागे सरासरी ३६५ माणसं, आमच्याकडे ७४. आणि सरकारचा हिशोब मात्र बराचसा डोक्यांवर चालतो. आदिवासी भागात २० हजारांमागे एक प्राथमिक आरोग्य केंद्र, ३ हजारांमागे उपकेंद्र, पट घसरला की शाळेवर टांगती तलवार. भामरागड तालुका अख्खा ३६ हजारांच्या आसपास, नियमावर बोट ठेवलं तर तिथे दोन केंद्रंही बसत नाहीत! आणि पावसाळ्यात पर्लकोटा नदीला पूर आला की भामरागडचा संपर्कच तुटतो, मग जवळचा दवाखाना कागदावर जवळ असून काय करायचा?

माझी मोठी आई, म्हणजे मोठी काकू, सिरोंचा तालुक्यातली. मोठे बाबा गेले, त्यांच्या पेन्शनचे कागद करायला तिला जिल्ह्याच्या गावी जावं लागलं. सिरोंचा ते गडचिरोली दोनशे किलोमीटरच्या वर. पुण्याहून मुंबईला जाता ना, त्याहून लांब, आणि रस्ता कसला ते आलापल्लीच्या पुढे गेलेल्यालाच माहीत. पहाटेच्या एसटीने निघाली ती दुपारी पोचली, तर ज्या टेबलावर काम होतं ते साहेब मिटिंगला. शेजारच्याने मान वर न करता सांगितलं, "उद्या या."

उद्या या. पुण्यातल्या माणसाला उद्या या म्हटलं तर तो चिडतो, घरी जातो, सकाळी परत येतो. तिने जायचं कुठे? रात्रीच्या आत गाव गाठता येत नाही, लॉजवर एकट्या बाईने राहायची हिंमत नाही आणि पैसेही नाहीत. स्टँडवर बसून राहिली ती, कागदांची पिशवी मांडीखाली दाबून. शेवटी चहाच्या टपरीवाल्या बाईने घरी नेलं, जेवू घातलं. त्या बाईचं नावही आम्हाला माहीत नाही, पण मोठी आई अजून तिची आठवण काढते, ऑफिसबद्दल मात्र एक शब्द वाईट बोलत नाही. मलाच बोलावं लागतं.

म्हणतील आता, सगळं ऑनलाईन झालंय, 'आपले सरकार' पोर्टल आहे, सेतू आहे. आहे, नाकारत नाही. इकडे दक्षिणेला अहेरीत अप्पर जिल्हाधिकारी पण आहेत, जिल्ह्यात तीन-तीन आदिवासी प्रकल्प कार्यालयं आहेत. पण रेंज नसलेल्या गावात ऑनलाईन म्हणजे काय, ते मला कोणीतरी समजावून सांगा, आणि अधिकाराचं शेवटचं टेबल जिल्ह्याच्या गावीच असेल तर माणसाची फेरी काही चुकत नाही.

१९८२ ला चंद्रपूर तोडून हा जिल्हा केला तो याच कारणासाठी ना, की लोकांना चांद्यापर्यंत, म्हणजे चंद्रपूरपर्यंत, जावं लागू नये? मग तेच कारण सिरोंच्याला, भामरागडला, एटापल्लीला का लागू होत नाही? अहेरी वेगळा जिल्हा करा ही मागणी किती जुनी आहे! आणि सिरोंचा तर इंग्रजांच्या काळात स्वतः जिल्ह्याचं ठिकाण होतं, अप्पर गोदावरी जिल्ह्याचं. नवीन जिल्हा म्हटलं की लगेच खर्च दिसतो यांना. खर्च होतोच आहे हो, फक्त तो मोठ्या आईच्या पदरातून होतोय, तिकिटाचा, बुडालेल्या मजुरीचा, म्हणून तुमच्या बजेटमध्ये दिसत नाही.

दुसऱ्या दिवशी ते साहेब भेटले. एका झेरॉक्सवर शिक्का नव्हता, तो शिक्का मिळणार सिरोंच्याला. म्हणजे परत दोनशे किलोमीटर. ती रडली तिथे. आणि खरं सांगतो, तो माणूस वाईट नव्हता, तीन टेबलांचं काम एकटा ओढत होता, त्याने उठून पाणी दिलं तिला. पदं रिकामी, बदली होऊन येणारा पहिल्या दिवसापासून परत जायच्या खटपटीत. त्याच्यावर राग काढून काय होणार? राग माझा त्या गणितावर आहे ज्यात सिरोंच्याची बाई आणि ऑफिसच्या मागच्या गल्लीतली बाई सारखीच एक धरली जाते.

आणि ते अकरा लाखही कसे मोजले बघा. २०११ ची मोजणी फेब्रुवारीत झाली. आपल्याकडची किती घरं तेव्हा कुलूप लावून तेलंगणात मिरची तोडायला गेलेली असतात, हे सांगायला का पाहिजे? जनगणनेचा नियम असा की मोजणीच्या सगळ्या काळात जो बाहेर आहे तो घरी मोजला जात नाही. म्हणजे तिकडच्या शेतात कोणी मोजलं तर तो तेलंगणाचा, नाही मोजलं तर कुणाचाच नाही. २०२१ ची जनगणना झालीच नाही, आता होणार ती परत फेब्रुवारी २०२७ मध्ये, ऐन मिरचीत. तोच आकडा पुढे निधीला लागणार, आमदारांच्या जागा ठरवायला लागणार. आपल्या ग्रामसभा, सरपंच, शिक्षक मंडळी इथे वाचताय, तर मजूर नेणाऱ्या मुकादमांशी आत्ताच बोला, कोणत्या गावची किती माणसं कुठल्या शेतावर आहेत याची यादी करा आणि ती तहसीलला देऊन पोच घ्या. नुसत्या तोंडी सांगण्यावर विसंबू नका.