ती थांबली, पण पतिव्रता म्हणून नाही

ताई, तुमची कमेंट कालपासून डोक्यात घोळतेय. तुमचं म्हणणं, 'स्प्रिंग इन अ स्मॉल टाउन' या चिनी पिक्चरमध्ये काही घडतच नाही, बाई शेवटी आजारी नवऱ्याकडेच राहते म्हणजे पुन्हा पतिव्रतेचं कौतुक, आणि १९४८ साली चीनमध्ये यादवी पेटलेली असताना असला घरगुती पिक्चर काढणं म्हणजे डोळे मिटून घेणं.

शेवटचा आरोप तेव्हा तिकडच्या डाव्या समीक्षकांनीही केला होता. पण ते घर बघा ना! जपान्यांबरोबरच्या युद्धात अर्धं पडलेलं, भिंतींना भगदाडं, आणि त्यात मालक लीयान, म्हणजे तोच आजारी नवरा, दिवसभर खंतावत बसलेला की बापजाद्यांचं आपल्याला राखता आलं नाही. यापेक्षा वेगळं युद्ध कशाला दाखवायचं?

आता त्या बाईबद्दल, म्हणजे युवेनबद्दल. पिक्चरमध्ये माणसं फक्त पाच. ती, नवरा, नणंद, म्हातारा नोकर आणि पाहुणा आलेला डॉक्टर, जो तिचं जुनं प्रेम. सासू नाही, शेजारीपाजारी नाहीत, चार लोक काय म्हणतील हे म्हणायला ते चार लोकच नाहीत, त्यामुळे तिला बाहेरून कोणी अडवतच नाही आणि माझ्या मते दिग्दर्शक फेई मूने हे मुद्दाम केलंय. नणंदेच्या वाढदिवसाला थोडी दारू चढल्यावर ती रात्री डॉक्टरच्या खोलीत जाते, तो घाबरून तिला आत कोंडून बाहेर पडतो, तर ती हाताने दाराची काच फोडते. रक्त येतं. ही पतिव्रता वाटते का तुम्हाला? आणि नवऱ्याला सगळं कळल्यावर तो ओरडत नाही, झोपेच्या गोळ्या घेतो, आणि त्याला वाचवायला धावतो तोच डॉक्टर. इथे व्हिलन कोणाला करायचं, मला खरंच सांगा.

नणंदेचं पात्र अजून फुलायला हवं होतं हे मात्र मान्य, नव्या पिढीची तीच एक आहे तिथे.

फेई मू पुढच्याच वर्षी हाँगकाँगला गेला, १९५१ मध्ये ४४व्या वर्षी वारला. २००५ मध्ये हाँगकाँग फिल्म अवॉर्ड्सने शंभर उत्तम चिनी पिक्चर निवडले त्यात हा पहिला आला, ते त्याला बघायला मिळालं नाही याचं मला फार वाईट वाटतं.

तुम्ही शेवट परत बघाच. डॉक्टर निघून गेलाय, युवेन गावाच्या तटबंदीवर उभी आहे, लीयान काठी टेकत वर येऊन तिच्या शेजारी थांबतो. दोघं एकमेकांकडे नाही, लांब बघतायत.