गाडी जुन्या रस्त्याला घे

पनवेल मागे पडलं आणि बाबा म्हणाले, “गाडी जुन्या रस्त्याला घे गं.”

बाबा एसटीत ड्रायव्हर होते. ३१ वर्षं. आधी दादर-पुणे एशियाड (१९८२ च्या दिल्लीच्या एशियाडवरून त्या निमआराम बसला हे नाव पडलं ते कायमचंच), मग बरीच वर्षं मुंबई-कोल्हापूर रातराणी. दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात आम्ही दोघं चार दिवस फिरून आलो. देवळं नाहीत, किल्ले नाहीत. फक्त जुनी हॉटेलं, खाणावळी, उपाहारगृहं. यादी बाबांची, गाडी मी चालवणार. आई म्हणाली, तुम्ही दोघं खा पोटभर, मी बहिणीकडे जाते.

परत आल्यापासून डोक्यात एकच घोळतंय, ते लिहून टाकते. जुनं हॉटेल चव बिघडली म्हणून बंद पडतं असं आपल्याला वाटतं. मलाही वाटायचं. पण बाबांच्या शेजारी बसून तो रस्ता पाहिला आणि कळलं की बहुतेक ठिकाणी चवीत काही कमी नव्हतं. थांबणारी गाडीच थांबायची बंद झाली.

सुरुवात दादरला केली, मामा काणे यांचं स्वच्छ उपाहारगृह. १९१० सालचं. सकाळी साडेसातला बटाटेवडा आणि चहा. नावातच ‘स्वच्छ’ आहे, याचा मी आजवर कधी विचारच केला नव्हता. बाबा म्हणाले, त्या काळी बाहेर खाणं हीच लाजेची गोष्ट होती. कोणी रांधलं, कोणत्या पाण्यानं, कोणत्या हातानं, हे कळल्याशिवाय लोक घास उचलत नसत. (त्यात जातीपातीचा भाग मोठा होता, तो लपवायचं कारण नाही.) म्हणून दारावरच्या पाटीला आधी भरवसा द्यावा लागायचा. जुनी नावं एकदा ओळीनं वाचून बघा: स्वच्छ उपाहारगृह, विश्रांतिगृह, हेल्थ होम, आरोग्य भुवन, क्षुधाशांती गृह. पदार्थाचं नाव एकातही नाही. तुम्ही दमला आहात, भुकेले आहात, घरापासून लांब आहात, आत या, एवढंच ती नावं सांगतात.

बाबा १९७८ मध्ये गावाहून मुंबईला आले तेव्हा लालबागला एका मावशींच्या खाणावळीत महिन्याचे मेंबर होते. एक खोली. दिवसा तिथेच रांधायचं, तिथेच पंगत, रात्री तिथेच मावशींच्या मुलांची अंथरुणं. गिरणीच्या पाळ्यांप्रमाणे जेवणाच्याही पाळ्या. गिरणगावात अशा किती बायकांनी अख्खे संसार या ताटांवर ओढले! त्यांनाच एकत्र आणून प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. सावकाराच्या दारात जाणाऱ्या बायका बँकेच्या दारात गेल्या. १९८२ च्या संपानंतर मेंबर गावाकडे गेले ते गेलेच. त्या मावशींची खाणावळ जिथे होती तिथे आम्ही गेलो. आता तिथे टॉवरचं पार्किंग आहे. बाबा मिनिटभर गाडीतच बसून राहिले. खाली उतरले नाहीत, मीही आग्रह केला नाही.

गिरगावातला खोताच्या वाडीचा अनंताश्रमही आता नाही. बाबांच्या यादीत तो होता. मी त्यांना आधीच सांगायला हवं होतं.

तर जुना रस्ता. २००२ मध्ये द्रुतगती मार्ग पूर्ण झाला त्याआधी मुंबई-पुण्याची सगळी रहदारी खोपोलीतून जायची. पुढे बोरघाटाची चढण. घाटाआधी गाडी उभी करायची, इंजिन गार होऊ द्यायचं, रेडिएटरमध्ये पाणी भरायचं. ती दहा-पंधरा मिनिटं म्हणजे बटाटेवड्याची वेळ. रमाकांतचा वडा खोपोलीत मोठा झाला तो याच रस्त्यावर. तिकडे रेल्वेनं कर्जतला तेच. घाट चढायला गाडीला मागून जादा इंजिनं जोडावी लागतात, तोवर गाडी उभी, आणि खिडकीतून दिवाडकरांचा वडा आत. आपण म्हणतो ‘काय प्रसिद्ध वडा आहे’, पण त्याच्यामागे घाट आहे, दमलेलं इंजिन आहे, हे कोणाच्या लक्षात येत नाही. मला तरी आजवर आलं नव्हतं.

रमाकांतचा वडा टिकला, कारण लोक आजही वाट वाकडी करून तिथे जातात. पण त्याच रस्त्यावर बाबा बोटानं दाखवत होते: इथे एक हॉटेल होतं, उसळ-पाव चांगला मिळायचा. इथे एकाचं चहाचं दुकान होतं, पहाटे तीनलाही स्टोव्ह पेटलेला. इथे एक बाई घावन करायची. मी मोजत होते. लोणावळ्यापर्यंत अकरा ठिकाणं दाखवली, त्यातली दोन सुरू होती.

द्रुतगती मार्गाबद्दल माझी तक्रार नाही. आजी आजारी होती तेव्हा त्याच रस्त्यानं आम्ही दोन तासांत पुण्याला पोचलो होतो. पण वाटेतल्या फूड मॉलमध्ये उभं राहिलं की आपण कोणत्या जिल्ह्यात आहोत तेच कळत नाही, याचं मला वाईट वाटतं. घाटाखाली आणि घाटावर तेच सामोसे, तोच पिझ्झा. प्रवासात तोंडाला आधी गाव लागायचं. आता फक्त भूक भागते.

पुण्यात एक रात्र राहिलो. गुडलकला बनमस्का-चहा झाला. १९३५ पासूनचं इराण्याचं हॉटेल, आणि चौकाचं नावच गुडलक चौक होऊन बसलंय, हॉटेलला याहून मोठा मान काय मिळणार! सकाळी नारायण पेठेत बेडेकरांची मिसळ. १९४८ सालची. मिसळ गोडसर, गुळाची चव जिभेला लागते, सोबत पाव नाही, स्लाइस ब्रेड. ‘सॅम्पल’ मागितलं की रस्सा परत येतो. टेबलं मोजकी, अनोळखी माणसांच्या शेजारी बसायचं आणि खाऊन झालं की उठायचं, कारण मागे माणसं उभी असतात. आमच्या समोर कॉलेजची दोन मुलं बसली होती. बाबांनी त्यांना विचारलं, कुठली रे? एक निघाला सांगली जिल्ह्यातल्या, कोल्हापूरच्या वाटेवरच्या पेठ नाक्याचा. झालं, पुढची दहा मिनिटं पेठ नाक्यावरून बस कशी वळवायची यावर गप्पा.

इथे मला एक बोलायचंय. जुन्या हॉटेलांवर लोक लिहितात ते मी वाचते: दुपारी बंद असतं, पार्सल देत नाहीत, एकच पदार्थ संपला की पाटी लावतात, माज आहे. मला हे पटत नाही. सकाळी जेवढा वाटाणा भिजवला तेवढीच मिसळ होणार. ती संपली तर संपली. काल उरलेलं आज गरम करून द्यायचं नाही, एवढीच ती गोष्ट आहे. आणि दुपारी दोन तास बंद म्हणजे पहाटे चारपासून चुलीपुढे उभा असलेला माणूस त्या वेळात जेवतो, आडवा होतो. आपण ऑफिसात लंच टाइम घेतो तेव्हा कोणी माज म्हणत नाही. बारा पानांचं मेनूकार्ड आलं, पनीरचे चौदा प्रकार आले, की समजावं फ्रीज मोठा झालाय. हे माझं मत आहे आणि मी त्यावर ठाम आहे.

पुण्यातून निघताना बाबांनी मुद्दाम कात्रजचा जुना घाट घ्यायला लावला. जुन्या बोगद्यातून बाहेर पडलो तेव्हा ऊन नुकतं वर येत होतं. “क्लच सोडून दे आता, घाटात सारखा पाय नको,” असं त्यांनी तिसऱ्यांदा सांगितलं.

आता मुख्य ठिकाण. खंबाटकी घाटाच्या अलीकडे महामार्गालगत एक हॉटेल आहे. नाव देत नाही, कारण मालकांनी हात जोडून सांगितलं, फोटो नको, इंटरनेटवर नको. तिथे बाबांची रातराणी थांबायची. रस्ता रुंद झाला, उड्डाणपूल आला, आणि ते हॉटेल पुलाच्या भिंतीमागे गेलं. वरून जाणाऱ्याला आता त्याचं फक्त पत्र्याचं छप्पर दिसतं, तेही माहीत असेल तर. आम्हाला सर्व्हिस रोडनं मागे यावं लागलं.

आत शहाबादी फरशी, मधोमध पावलांनी झिजून गुळगुळीत झालेली. सनमायका उडालेली लाकडी टेबलं. गल्ल्यामागे गणपती-लक्ष्मीचं कॅलेंडर, त्याखाली बडीशेपेची वाटी. एका कोपऱ्यात मोठं लोखंडी स्टँड, त्यावर एकावर एक रचलेल्या पितळी ताटल्या. आता त्यात कोणी वाढत नाही, पण दर आठवड्याला चिंच लावून घासतात, हे मालकीणबाईंनी सांगितलं. मी जवळ जाऊन पाहिलं, प्रत्येक ताटलीच्या कडेला ठोक्यांनी आकडा कोरलेला. एक ते साठ. एक बस रिकामी झाली की साठ ताटल्या लागायच्या. सेहेचाळीस नंबर नव्हता. विचारलं तर म्हणाल्या, “एक फौजी घेऊन गेला होता, चुकून का मुद्दाम माहीत नाही. परत येईल म्हणून तो नंबर पुन्हा पाडला नाही.”

मालक सत्तरीचे. त्यांनी बाबांकडे दोन क्षण पाहिलं आणि म्हणाले, “परळ डेपो.” नाव आठवलं नाही, डेपो आठवला. मग उठून स्वतः कढई चढवली. कांदाभजी, वर तळलेल्या मिरच्या, आणि स्पेशल चहा. भजी कशी होती? पीठ कमी, कांदा जास्त, ओवा दाताखाली येणारा. मला याहून चांगलं लिहिता येत नाही.

पूर्वी असा रिवाज होता की बस थांबली की ड्रायव्हर-कंडक्टरचं जेवण हॉटेलकडून. प्रवासी यावरून कुरकुर करायचे, फुकट जेवायला मिळतं म्हणून नको त्या हॉटेलात गाडी थांबवतात असं म्हणायचे, आणि काही ठिकाणी ते खरंही असायचं. बाबा म्हणतात, मी स्वतः खाणार नाही तिथे साठ माणसं उतरवली नाहीत. त्या दिवशी उठताना त्यांनी खिशात हात घातला तर मालक गल्ला बंद करून उभे राहिले. “ड्रायव्हरसाहेब, तुमच्याकडून कधी घेतले का?” बाबा म्हणाले, “तेव्हा मी प्रवासी घेऊन यायचो. आज एकटाच आलोय, घ्यायलाच पाहिजेत.” बराच वेळ दोघं तसेच उभे. शेवटी पैसे घेतले. पण मालकीणबाईंनी भज्यांचं पुडकं बांधून माझ्या हातात दिलं, “पोरीनं गाडी चालवलीय, ड्रायव्हरचं जेवण तिचं.”

माझ्या आयुष्यात मला इतका मोठा मान कोणी दिलेला नाही.

कोल्हापूरवर लिहायचं तर वेगळी पोस्ट लागेल, म्हणून थोडक्यात. शिवाजी उद्यमनगरात फडतऱ्यांची मिसळ. आजूबाजूला वर्कशॉप, लोखंडाचा वास, कामावरची माणसं, आणि त्यांच्या पोटाला दुपारपर्यंत धरून ठेवेल अशी झणझणीत मिसळ. इथेही स्लाइस ब्रेडच, पण पुण्याचा गोडवा नाही, कटाचं भांडं घेऊन माणूस फिरत असतो. पुण्यात सॅम्पल, इथे कट. संध्याकाळी गंगावेशीत दूध कट्ट्यावर गेलो. म्हशी उभ्या, समोर धार काढतात, फेसासकट ग्लास हातात. बाबांनी एक ग्लास घेतला, मग दुसरा. तालमीतली पोरं दूध पिऊन निघून जात होती. कोणी कोणाचा फोटो काढत नव्हतं.

फोटोवरून आठवलं. आम्ही ज्या जुन्या ठिकाणी गेलो तिथे जवळजवळ सगळीकडे फोटो काढणारी माणसं होती. काढा, मीही काढते. पण एका ठिकाणी सहा जणांनी मिळून दोन चहा घेतले, पाऊण तास जुन्या खुर्च्यांवर, आरशापुढे फोटो काढले, आणि जाताना ‘अशी ठिकाणं जपली पाहिजेत’ म्हणाले. बाहेर जेवणारी माणसं ताटकळत होती. ही हॉटेलं आठवणीवर चालत नाहीत, रोजच्या गल्ल्यावर चालतात. मंगळवारी दुपारी कोणी राईस प्लेट घेतली तर बुधवारी भाजी येते. रविवारची गर्दी पाहून मालकाचा मुलगा धंद्यात उतरत नाही, तो मंगळवार बघतो.

खंबाटकीला आम्हाला जाताना घाट लागला होता, येताना बोगदा लागला. बाहेर पडलो तेव्हा संध्याकाळचे साडेसहा. ते हॉटेल आता दुभाजकाच्या पलीकडे, पुलाच्या भिंतीमागे. आम्हाला फार रात्र व्हायच्या आत पनवेल गाठायचं होतं. मी काही बोलले नाही, बाबाही गप्प होते. मग सर्व्हिस रोडचा फाटा दिसला आणि त्यांनी नुसता डावा हात खिडकीबाहेर काढून हलवला, जुन्या ड्रायव्हरांची वळायची खूण.

मी गाडी वळवली. पुलाखालून फिरून पोचलो तेव्हा भजी संपली होती. मालकांनी चहा टाकला.