आधी वकालतनामा, मग ऑप्शन फॉर्म

निकालाचे पेढे वाटून झाले असतील, तर आता कामाचं बोलू. पर्सेंटाइल किती पडलं, हे शेजारी विचारतीलच. कॉलेजांच्या पसंतीचा ऑप्शन फॉर्म नंतर भरा. प्रवेश शेवटी कोर्टातच ठरतो, म्हणून आधी घरात एवढंच ठरवा की मुंबई उच्च न्यायालयाचं कुठलं खंडपीठ आपल्याला जवळ पडतं. नागपूर आहे, छत्रपती संभाजीनगर आहे, आणि ऑगस्ट 2025पासून कोल्हापूरला सर्किट बेंचही बसतंय. सांगली-साताऱ्याच्या पालकांची केवढी सोय झाली! पूर्वी प्रवेशासाठी मुंबईचं रिझर्वेशन काढावं लागायचं, तेही वेटिंग.

माहितीपुस्तिका वाचत बसू नका. तो नियमांचा कच्चा खर्डा असतो, पक्की प्रत कोर्टातून निघते. पटत नसेल तर 2019च्या उन्हाळ्यात डॉक्टरीच्या पदव्युत्तर प्रवेशाला जे होते, त्यांना विचारा. मराठा आरक्षणाचा कायदा लागू झाला 30 नोव्हेंबर 2018ला, आणि प्रवेशाची प्रक्रिया त्याआधीच सुरू झालेली. तरी जागा वाटल्या त्या नव्या कायद्याने. मे महिन्यात नागपूर खंडपीठ म्हणालं, हा कायदा या वर्षाला लागू नाही. सर्वोच्च न्यायालयाने त्यात हात घालायला नकार दिला. मग ज्यांना जागा मिळाल्या होत्या ते आझाद मैदानात बसले आणि सरकारने अध्यादेश काढून कायदा मागच्या तारखेपासून लागू केला. तेवढ्यात आर्थिक दुर्बलांच्या दहा टक्के आरक्षणाला सर्वोच्च न्यायालयाने त्या वर्षापुरती स्थगिती दिली, कारण कोटा वाढवला होता, जागा नव्हे. एवढ्या अवधीत एकाच मुलाला सीट मिळू शकत होती, जाऊ शकत होती आणि पुन्हा मिळू शकत होती. त्याने बिचाऱ्याने नवा पेपर एकही दिला नव्हता.

यात मराठा मुलांचं चुकलं की खुल्या गटातल्यांचं, यावर घरात भांडण लावून घ्या. सरकारला तेच बरं पडतं. कायदा नोव्हेंबरात करायचा आणि प्रक्रिया आधीच सुरू झालेली असायची, हे कुणी जमवलं, असं विचारण्याचा फाजीलपणा करू नका.

आणि ही परंपरा जुनी आहे बरं. अकरावीसाठी 2008मध्ये पर्सेंटाइलचं सूत्र आणलं, ते उच्च न्यायालयात पडलं. 2009मध्ये राज्य मंडळाच्या मुलांना 90 टक्के जागा दिल्या, तेही पडलं. 2010मध्ये ‘बेस्ट ऑफ फाइव्ह’, म्हणजे सर्वांत चांगल्या पाच विषयांचेच गुण धरणं, आणलं, तेही उच्च न्यायालयात पडलं, पण दिल्लीत सर्वोच्च न्यायालयात तरलं. तीन वर्षं, तीन शासन निर्णय, आणि पैकीच्या पैकी याचिका. इतका नियमित निकाल कुठल्याच मंडळाचा लागत नाही. मध्ये थोडी उसंत घेऊन 2021मध्ये अकरावीची सीईटी काढली. ती ऑगस्टमध्ये रद्द झाली.

आता बटणाकडे वळू. आग्र्याच्या एका अनाथ मुलाला देशात 270वा क्रमांक मिळाला आणि पवईच्या आयआयटीत जागाही. त्याने चुकीच्या लिंकवर क्लिक केलं आणि जागा सोडल्याची नोंद झाली. उच्च न्यायालयाने नाही म्हटलं, डिसेंबर 2020मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अंतरिम प्रवेश दिला. पुढच्याच वर्षी एका दलित मुलाचे पैसे वेळेत भरले जाईनात. त्याच्यासाठी 48 तासांत जागा तयार करा, असं सर्वोच्च न्यायालयाला त्याच पवईला सांगावं लागलं. 2024मध्ये उत्तर प्रदेशातल्या एका मजुराच्या मुलाचे 17,500 रुपये मुदतीत भरायचे राहिले. जागा धनबादला, म्हणून तो आधी झारखंडात गेला. परीक्षा घेतली होती मद्रास आयआयटीने, म्हणून मग चेन्नईच्या उच्च न्यायालयात. शेवटी दिल्लीत सरन्यायाधीशांच्या पीठाने घटनेचं कलम 142 वापरून त्याला जागा दिली. देशाच्या सर्वोच्च न्यायालयाचा हा विशेषाधिकार एका पेमेंट गेटवेपुढे कामी आला. म्हणून फी भरताना वाय-फाय तपासा आणि कलम 142 पाठ करा. ज्यांना दिल्लीचं तिकीटही परवडत नाही त्यांनी मात्र बटण बरोबरच दाबावं. त्यांना कुठली सवलत नाही.

खासगी कॉलेजची फी कोण ठरवणार, हेही विचारू नका. 2002मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या 11 न्यायमूर्तींनी ते सांगितलं. त्याचा अर्थ काय, हे 2003मध्ये पाच जणांनी सांगितलं. त्या अर्थाचा अर्थ 2005मध्ये, महाराष्ट्रातूनच गेलेल्या इनामदार खटल्यात, सात जणांनी सांगितला. तुम्हाला माहितीपुस्तिकेतला नियम एका वाचनात कळला असेल, तर तुमचंच काहीतरी चुकतंय.

जातवैधतेचं प्रमाणपत्र वेळेत मिळालं नाही, तर हमीपत्र द्या आणि मुदतवाढीची वाट बघा. ती येतेच. मोसमी पावसापेक्षा भरवशाची आहे.

कोर्टात जायचं तर लगेच जा. उशीर न करता आलेल्या, स्वतःची चूक नसलेल्या गुणवंत विद्यार्थ्याला अपवाद म्हणून एखादी जागा वाढवून द्यावी, नाहीतर पुढच्या वर्षी प्रवेश द्यावा, असं सर्वोच्च न्यायालयाने 2019मध्ये डॉक्टरीच्या प्रवेशांबाबत म्हणून ठेवलंय. म्हणजे चूक सरकारची असेल तर एक वर्ष तुमचं.

आणि इतकं करूनही हाती काही लागलं नाही, तर लॉ सीईटी द्या. अभ्यासक्रम पाच वर्षांचा आहे. बाहेर पडाल तोवर तुमची मूळ याचिका अंतिम सुनावणीला लागलेली असेल. स्वतःच उभे राहा, फी वाचेल. फक्त लॉच्या प्रवेशालाही कॅप राउंड, म्हणजे केंद्रीय प्रवेशाच्या फेऱ्या, असतात, तेवढं लक्षात असू द्या.