तिरपी पगडी

मावसभावाने गेल्या आठवड्यात सदाशिव पेठेतल्या आमच्या जुन्या गल्लीचा फोटो पाठवला. चित्रकला शिकणाऱ्या कुठल्याशा पोराने सोसायटीच्या भिंतीवर पेशवाईतला सरदार काढला होता. पायरीवर बसलेला, दमलेला, पगडी तिरपी, अंगरख्याचा केशरी रंग ओघळून पार गटारापर्यंत आलेला. ग्रुपवर दोन दिवस जुंपली. निम्म्यांच्या मते विद्रूपीकरण, निम्म्यांच्या मते सुशोभीकरण. एका काकांनी १९९५चा मालमत्ता विद्रूपीकरणाचा कायदाच चिकटवला. तिसऱ्या दिवशी भिंतीला चुना.

‘आमच्याकडे लंडनला असं नसतं’ असं लिहिणार होतो, पण तसं काही नाही. माझ्या कुंपणावर कुणी स्प्रेने नाव ओढलं होतं, तेव्हा अख्खी शनिवार सकाळ मी ते घासत होतो. कलेचा कळवळा वगैरे अजिबात आला नाही.

तरी लंडनच्याच ईस्ट डलिच भागातली एक भिंत विसरता येत नाही. कॉनर हॅरिंग्टन या भित्तिचित्रकाराने २०१३ साली तिथे जुन्या पोशाखातले दोन पुरुष हाणामारी करताना रंगवले. आधार घेतला जवळच्याच डलिच पिक्चर गॅलरीतल्या, शार्ल ल ब्रूँ या जुन्या फ्रेंच चित्रकाराच्या चित्राचा. हॅरिंग्टन मूळचा आयर्लंडमधल्या कॉर्कचा. पोरवयात ग्राफिटी, मग लिमरिकला रीतसर कलाशिक्षण. म्हणून मनगटाचा पीळ, कापडाच्या चुण्या जुन्या तैलचित्रातल्यासारख्या, आणि मध्येच फराटे, ओघळ. त्याच्या चित्रांतल्या भरजरी डगल्यांच्या सैनिकांना धड उभंही राहवत नाही. साम्राज्याचा तोरा तो असा उतरवतो, तोही त्या साम्राज्याच्या राजधानीत राहून.

आपल्याकडे हात नाही असं कोण म्हणेल? रांगोळीत हुबेहूब चेहरे उतरवणारे पुण्यात आहेत. १७९०च्या दशकात जेम्स वेल्स हा स्कॉटिश चित्रकार पुण्यात काम करत होता, तेव्हा त्याच्या हाताखाली गंगाराम तांबट हा इथलाच कलाकार होता. वेल्सच्या रेखाटनांवरून थॉमस डॅनियलने १८०५मध्ये रंगवलेला पेशव्यांचा दरबार आज टेट या ब्रिटनमधल्या कलासंग्रहालयाच्या संग्रहात आहे. सगळे आपापल्या जागी, मानमरातबाने. तहाचा प्रसंग, तो तसाच दिसणार. पण दोनशे वर्षांनीही आपण त्यांना उठू देत नाही.

म्हणून ग्रुपवरचा वाद मला लटका वाटला. त्याच भिंतीवर घोड्यावरचा, तलवार उगारलेला सरदार असता, तर काकांना कायदा आठवला असता का? खुपली ती पगडी. पोराने परवानगी घेतली नव्हती, डलिचला घेतली होती, हे मान्य. आणि हॅरिंग्टन टर उडवतो ती दुसऱ्याच्या पूर्वजांची, हेही खरं. आपल्यांची उडवून त्याच गल्लीत दूध आणायला जाणं वेगळं. मी तर सात हजार किलोमीटरवर बसून लिहितोय.

भावाला विचारलं, आता काय दिसतं तिथे?

‘‘एरवी काही नाही. पण चुना पातळ होता रे. पावसाने भिंत भिजली की पगडी दिसते. काकांनी डिस्टेंपरचं कोटेशन मागवलंय.’’