‘द ग्लोरी ऑफ स्पोर्ट’वरील आक्षेपांना उत्तर

सप्रेम नमस्कार.

१९४८ च्या लंडन ऑलिंपिकवर कॅसलटन नाइट यांनी केलेल्या ‘द ग्लोरी ऑफ स्पोर्ट’ या माहितीपटाविषयीच्या माझ्या लेखावर आपण तीन आक्षेप घेतले आहेत: मी त्याला ‘संपूर्ण टेक्निकलर’ (टेक्निकलर कंपनीच्या तिरंगी पद्धतीने चित्रित) म्हटले ते चूक आहे, तो ताणून लांबवलेला वृत्तपट (थिएटरांत दाखवायची बातम्यांची फिल्म) आहे, आणि लेनी रिफेनश्टाल यांच्या १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकवरील ‘ऑलिंपिया’ या चित्रपटानंतर युरोपात खेळाकडे पाहण्याची दृष्टी असलेला कोणी उरला नाही.

पहिला आक्षेप मला पूर्ण मान्य आहे. टेक्निकलरचे नाव पाहून मी गाफील राहिलो. त्या कंपनीचे तीन फिल्मींचे कॅमेरे अवजड होते आणि ब्रिटनमध्ये ते मोजकेच होते. म्हणून या स्पर्धांसाठी ‘टेक्निक्रोम’ ही दुरंगी पद्धत वापरली गेली. तिच्यात दोन निगेटिव्ह एकमेकींना भिडवून एकाच कॅमेऱ्यातून पळवल्या जात. पुढची निळ्या-हिरव्याची नोंद घेई, मागची तांबड्याची. त्यामुळे कातडीचा रंग बरा उतरतो, पण पिवळा आणि जांभळा हातचे जातात. गवताचा जो रंग आपल्याला खटकला, त्याचे कारण हेच.

दुसरा आक्षेप निम्मा खरा आहे. नाइट हे गोमॉन्ट ब्रिटिश या चित्रपट कंपनीच्या वृत्तपटांचे प्रमुख होते आणि त्यांची सवय चित्रपटभर दिसते. निवेदन तर जागोजागी नको इतके बोलते. परंतु १४ ऑगस्टला संपलेल्या स्पर्धांचा दोन तासांहून मोठा रंगीत चित्रपट सप्टेंबरात थिएटरांत लागला, तर ऑगस्ट १९३६ मध्ये आटोपलेल्या बर्लिन स्पर्धांचा ‘ऑलिंपिया’ एप्रिल १९३८ मध्ये आला, हा फरक तुलना करताना डोळ्याआड करता येत नाही. शिवाय बर्लिनच्या पोल व्हॉल्टच्या वेळी अंधार पडल्याने खेळाडूंना पुन्हा बोलावून उड्या मारून घेतल्या होत्या, हे विसरून ‘दृष्टी’ची चर्चा कशी करावी?

नाइट यांच्या चित्रपटातली मॅरेथॉन कृपया पुन्हा पाहावी. बेल्जियमचा एतियेन गॅली, आयुष्यातली पहिलीच मॅरेथॉन धावणारा छत्रीसैनिक, वेम्ब्ली स्टेडियममध्ये सर्वांत आधी शिरतो, पण त्याची पावले अडखळू लागलेली असतात. अर्जेंटिनाचा देल्फो काब्रेरा त्याला मागे टाकतो, मग ब्रिटनचा टॉम रिचर्ड्सही. गॅली झोकांड्या खात तिसरा येतो. ही गोष्ट कोणाकडून पुन्हा करून घेता येत नाही; कॅमेरा त्या क्षणी तिथे असावाच लागतो, आणि वृत्तपटवाल्याचे कसब ते हेच.

तिसरा आक्षेप मात्र मला साफ अमान्य आहे. १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकवर क्रिस मार्कर यांनी ‘पप्ल ए क्युल्त्यूर’ या फ्रेंच लोकशिक्षण संस्थेसाठी ‘ऑलिंपिया ५२’ केला, आणि निबंधासारखे चित्रपट करणाऱ्या या दिग्दर्शकाचा तो पहिला चित्रपट होता. (ज्या स्पर्धेत खाशाबा जाधवांनी कांस्यपदक मिळवले ती हीच. लंडनला ते सहावे आले होते आणि त्यांच्याच शोधात मी मुळात नाइट यांच्या चित्रपटापर्यंत पोहोचलो.) ज्यांनी मार्कर पाहिला आहे, त्यांना युद्धोत्तर युरोपात दृष्टी नव्हती असे म्हणवणार नाही.

लेखातले ‘संपूर्ण टेक्निकलर’ हे शब्द मी बदलले आहेत. मॅरेथॉनच्या भागाची स्तुती मात्र तशीच ठेवली आहे.