पडद्यावर चेहरा कोणाचा, परवानगी कोणाची

कचरा वेचणाऱ्यांवर कोणी माहितीपट काढला की गोव्यात दोन तट पडतात. एकाला वाटते, समुद्रकिनारे सोडून हे दाखवणे म्हणजे गोव्याची बदनामी. दुसरा म्हणतो, हेच खरे आहे, दाखवलेच पाहिजे. डिचोलीचा माझा धाकटा भाऊ फोनवर ही दुसरी बाजू तावातावाने मांडतो. मला दोन्ही बाजू अपुऱ्या वाटतात. कचरा वेचणाऱ्या ज्या बाईचा चेहरा पडद्यावर जाणार, तिला विचारायचे दोघांच्याही मनात येत नाही.

मी राहतो त्या हॅम्बुर्गमध्येही बाटल्या वेचणारे आहेत. 2003 पासून जर्मनीत एकदाच वापरायच्या बाटल्या आणि कॅनवर 25 सेंट ठेव घेतात. रिकामी बाटली दुकानात परत दिली की पैसे मिळतात. कंटाळा करणारे ती कचरापेटीजवळ ठेवून जातात आणि पेन्शन न पुरणारे म्हातारे उचलतात. इतक्या श्रीमंत देशात हे पाहून मला अजून राग येतो. पण त्या म्हाताऱ्याला नायक करून त्याचा चेहरा जगाला दाखवायचा, तर त्याची संमती लागते. स्वतःच्या छायाचित्रावर माणसाचा हक्क इथे 1907 च्या कायद्यात आहे. सार्वजनिक जागेतल्या गर्दीसारखे अपवाद आहेत, तरी मूळ हक्क त्याचाच.

आपल्याकडे कॅमेरा थेट ढिगावर चढतो. अनवाणी पाय, कावळे, धूर. त्या बाईचे कसब मात्र दिसत नाही. पाण्याची पारदर्शक बाटली एका गोणीत, शाम्पूचा जाड डबा दुसरीत, दुधाची पिशवी तिसरीत, हे ती हात लावताच ठरवते. वेफर्सचे चकचकीत पाकीट ती उचलतच नाही, कारण भंगारवाला त्याचे काही देत नाही. तसला कचरा गोव्यातून कर्नाटकातल्या सिमेंट कारखान्यांकडे जाळायला जातो. भाव कोण ठरवतो? पावसात भिजलेल्या पुठ्ठ्याचे किती कापतात? 2016 च्या घनकचरा नियमांत कचरा वेचणाऱ्यांची नोंदणी करा असे म्हटले होते, तिची झाली का? हे विचारणारा माहितीपट मला पाहायचा आहे.

गोव्याने 2024 मध्ये ठेव-परतावा योजना अधिसूचित केली. त्यावर उत्पादक बोलले, व्यापारी बोलले. जर्मनीत बाटली उचलणाऱ्याला ठेवीची पूर्ण रक्कम मिळते. गोव्यात गोणी घेऊन आलेल्या बाईला संकलन केंद्रावर उभे करतील की ग्राहकाच्या मागे हाकलतील? तिची कमाई यावर ठरणार आहे आणि चर्चेत तीच नाही.

भावाचे मित्र म्हापशात असा माहितीपट करणार आहेत, त्यांनी माझ्याकडे पैसे मागितलेत. मी देणार आहे, पण अटी घालून. चित्रीकरणात बुडालेली रोजची कमाई तिला भरून द्यायची. पणजीत इफ्फी या चित्रपट महोत्सवाला पाठवण्याआधी तिच्या वस्तीत दाखवायचे, कन्नड बोलणारे असतील तर कन्नडमध्ये समजावून. ती म्हणेल ते दृश्य काढायचे.

पैसे दिले तर खरेपणा जातो, असे भाऊ म्हणतो. छायाचित्रकाराला मानधन मिळते, ध्वनिमुद्रकाला मिळते. त्या दिवशी गोणी रिकामी राहते ती फक्त तिची.